कावळा कानाने ओळखताना

आपल्याकडे नावात कावळा असलेले पक्षी पुष्कळ आहेत, पण ते सगळे कावळे नाहीत. तळ्यात बुड्या मारून मासे पकडणारा पाणकावळा वेगळ्याच कुळातला आहे, आणि ज्याला अनेक गावांत कुंभारकावळा म्हणतात तो भारद्वाज कोकिळेच्या कुळातला आहे. उलट ज्याच्या नावात कावळ्याचा मागमूसही नाही तो लांब शेपटीचा, तांबूस अंगाचा टकाचोर कावळ्याचा अगदी घरातला भाऊबंद आहे. नाव असे फसवते, आणि रंगाचाही भरवसा नसतो, कारण पहाटेच्या अंधुक उजेडात आंब्याच्या शेंड्यावर बसलेली काळी आकृती कावळ्याची, कोकिळाची किंवा कोतवालाची, कोणाचीही असू शकते. अशा वेळी कान कामी येतो. तो तयार करण्यासाठी नवख्याने कोठून सुरुवात करावी, कोणत्या क्रमाने पुढे जावे आणि हमखास फसगत कोठे होते, ते पुढे सांगितले आहे. उदाहरणे मुख्यतः पुणे परिसर आणि कोकण येथली आहेत, कारण माझे ऐकणे तिथेच झाले. क्रमाबद्दल माझा आग्रह एकच आहे: आधी गावकावळा पूर्ण पाठ करावा आणि मगच दुसऱ्या पक्ष्याकडे वळावे.

जानेवारीत बसावे

पक्ष्यांचे आवाज शिकायचे म्हटले की बहुतेकांना चैत्र-वैशाख आठवतो, कारण तेव्हा कोकीळ दिवसभर ऐकू येतो. माझ्या मते नवख्याने नेमका तोच काळ सुरुवातीसाठी टाळावा. त्या दिवसांत एकाच झाडावरून चार-पाच जातींचे पक्षी एकदम बोलत असतात आणि कोणता आवाज कोणाचा हे सोडवता सोडवता उत्साह संपून जातो. जानेवारी आणि फेब्रुवारीचा पहिला पंधरवडा यासाठी चांगला असतो. कोकीळ तेव्हाही आसपास असतो, पण जवळजवळ गप्प असतो. भारद्वाजाचे घुमणेही कमी असते. आणि पानगळ सुरू झाल्यामुळे आवाज कोणाचा होता हे डोळ्यांनी पडताळून पाहणे सोपे जाते.

जागा एकच ठरवावी आणि ती शक्यतो घराचीच असावी. गॅलरी, गच्ची, अंगण, परसातला कट्टा, काहीही चालते. सूर्योदयाच्या अर्धा तास आधी, म्हणजे पुण्यात जानेवारीत साडेसहाच्या सुमारास बसावे आणि वीस मिनिटांनी उठावे. पहिली पाच मिनिटे काहीही लिहू नये. डोळे मिटून आवाज डावीकडून येतो की उजवीकडून, वरून की खालून, एवढेच पाहावे. मी स्वतः पहिले वर्ष दर रविवारी वेगवेगळ्या टेकड्या पालथ्या घालण्यात घालवले आणि वर्षाअखेर मला खात्रीने ओळखता येणारे आवाज हाताच्या बोटांवर मोजण्याइतकेच होते. पुढच्या हिवाळ्यात पाय प्लास्टरमध्ये असल्यामुळे दीड महिना गॅलरीतच बसून राहावे लागले, आणि खरे शिकणे त्या दीड महिन्यात झाले.

गावकावळा पाठ करणे

गावकावळ्याची मान आणि छाती राखाडी असते, बाकी अंग काळे असते आणि लांबी साधारण ४० सेंटिमीटर भरते. त्याची मूळ हाक आपण 'काव काव' अशी लिहीत आलो आहोत. ती डोळे मिटून नीट ऐकली तर तिच्यातला 'व' बहुतेक वेळा आपण पदरचा घातलेला असतो, असे लक्षात येते. प्रत्यक्षात ऐकू येतो तो कोरडा, सपाट, किंचित नाकातला 'काँऽ', जो एका पट्टीत सुरू होतो आणि फार वर-खाली न होता तुटतो. ही हाक ऐकल्याबरोबर ओळखता येते याचा अर्थ ती आपल्याला माहीत आहे असा होत नाही. ती सवयीची झालेली असते, म्हणून आपण ती ऐकणेच सोडून दिलेले असते.

माझ्या गॅलरीसमोरच्या इमारतीच्या पाण्याच्या टाकीवर गावकावळ्यांची एक जोडी रोज येते. त्यांतला एक कावळा हाक देताना मान पुढे काढून अंग खाली झुकवतो, प्रत्येक 'काँऽ'बरोबर पंखांची टोके आणि शेपटी झटकतो, आणि तीन हाकांनंतर थांबून मान तिरकी करतो. पलीकडच्या नारळावरून उत्तर आले तर तो गप्प राहतो आणि उत्तर आले नाही तर पुन्हा तीन हाका देतो. ही झाली संपर्काची हाक. एका सकाळी त्याच टाकीवर हाकांमधले अंतर एकदम नाहीसे झाले. 'का-का-का-का' अशी सलग, चढ्या आवाजातली झड सुरू झाली आणि दोन मिनिटांच्या आत पंधरा-वीस कावळे टाकीभोवती जमून एकाच दिशेला तोंड करून ओरडू लागले. टाकीखालच्या कोनाड्यात एक गव्हाणी घुबड अंग चोरून बसले होते. या दोन हाकांमध्ये आवाजाच्या जातीचा फरक फार थोडा होता. खरा फरक दोन हाकांमधल्या विरामात होता. धोक्याची हाक ओळखायची ती अशी विरामावरून.

तिसरा आवाज अनेकांनी वर्षानुवर्षे ऐकलेला असतो, पण तो कावळ्याचा आहे हे त्यांना ठाऊक नसते. टळटळीत दुपारी हीच जोडी सावलीत बसून एकमेकांच्या मानेची पिसे चोचीने विंचरते, तेव्हा घशातल्या घशात 'कुर्र, ग्र्र' असा मऊ, गुरगुरल्यासारखा आवाज येतो. मी तो पहिल्यांदा ऐकला तेव्हा जवळपास पारवा बसला आहे असे समजून पंधरा मिनिटे पारवाच शोधत होतो. याशिवाय खाणे दिसल्यावरची घाईची हाक, मेलेल्या कावळ्याभोवती जमून केलेला गलका आणि संध्याकाळी रातथाऱ्यावर उतरतानाचा न संपणारा कोलाहल आहेच. रातथाऱ्यावरचा गोंगाट मात्र शिकण्याच्या कामाचा नाही. तिथे शेकडो आवाज एकमेकांत मिसळतात आणि कानाला काहीच वेगळे करता येत नाही.

म्हणून पहिले आठ दिवस फक्त गावकावळाच ऐकावा, आणि प्रत्येक हाकेनंतर काय घडले हे पाहावे. कावळा ओरडला की पाहुणा येतो, ही समजूत ज्याने प्रथम बांधली त्याचा निष्कर्ष चुकला असेल, पण हाकेचा आणि नंतरच्या घटनेचा संबंध लावून पाहण्याची त्याची रीत बरोबर होती. कोणी उत्तर दिले का, कोणी उडून आले का, मांजर किंवा शिक्रा (छोटा शिकारी पक्षी) दिसला का, की काहीच झाले नाही, हे हाकेसमोर लिहीत गेले की आठवडाभरात हाकांचे गट आपोआप पडू लागतात.

गावकावळा आता भारतापुरता राहिलेला नाही. झांझिबारला तो १८९० च्या दशकात नेण्यात आला. आज पूर्व आफ्रिकेच्या किनाऱ्यावर आणि आखाती देशांतही तो चांगलाच स्थिरावला आहे, त्यामुळे दुबईत किंवा मस्कतमध्ये राहणाऱ्या मराठी वाचकालाही ही पहिली पायरी जशीच्या तशी चढता येईल. युरोप-अमेरिकेतल्या वाचकांनी मात्र आपल्या दारातला कावळा प्रथम धरावा, कारण तिथले कावळे वेगळ्या जातींचे आहेत.

आवाज लिहावा कसा

आवाज लिहून ठेवण्याच्या बाबतीत देवनागरी वापरणारा माणूस नशीबवान आहे. लांबवलेला स्वर अवग्रहाने दाखवता येतो, नाकातला आवाज चंद्रबिंदूने, एकदम तुटलेला आवाज पाय मोडलेल्या अक्षराने, आणि घरघर जोडाक्षरातल्या र-काराने. पुस्तकातल्या नोंदी प्रथम वाचू नयेत. त्या दुसऱ्याच्या कानाने ऐकलेल्या असतात आणि एकदा डोक्यात बसल्या की आपल्यालाही तेच ऐकू येऊ लागते. स्वतःच्या अक्षरांत लिहावे आणि नंतर ताडून पाहावे.

प्रत्येक आवाजाबद्दल चार गोष्टी लिहाव्यात. आवाजाची पट्टी कोणती, म्हणजे तो खर्जाकडे झुकतो की टिपेकडे. त्याचा पोत कसा, म्हणजे तो कोरडा, घोगरा, मऊ, की भांड्यावर टिचकी मारल्यासारखा खणखणीत. लय कशी, म्हणजे किती हाका सलग येतात आणि मध्ये किती थांबा असतो. आणि हाक संपते कशी, म्हणजे ती तुटते, खाली घसरते की वर चढत जाते. संगीत येत नसले तरी अडत नाही. समोरचा आवाज गावकावळ्याच्या मूळ हाकेपेक्षा वरचा की खालचा, एवढे सांगता आले की पुरते, आणि गावकावळा पाठ करण्याचा खरा उपयोग इथे होतो. माझ्या वहीतली एक नोंद अशी आहे: '६.४०, टाकी, काँऽ काँऽ काँऽ, मग थांबा, नारळावरून उत्तर, पुन्हा शांत.' यापेक्षा अधिक लिहिण्याची गरज पडत नाही, आणि लिहिण्यात गुंतले तर पुढची हाक निसटते.

डोमकावळ्यातला र-कार

डोमकावळा अंगाने मोठा, साधारण ४८ सेंटिमीटर लांब आणि पूर्ण काळा असतो. चोच जाड आणि वरून बाकदार असते. आवाज ओळखण्याची माझी खूण साधी आहे: गावकावळ्याच्या हाकेत 'र' नसतो, डोमकावळ्याच्या हाकेत तो असतो. 'काँऽ' ऐवजी 'क्राऽ' किंवा 'ख्राऽ' असा भरीव, घोगरा आवाज छातीतून आल्यासारखा येतो, पट्टी स्पष्टपणे खालची असते आणि हाका सावकाश, एकेक मोजून दिल्यासारख्या येतात. गावकावळा भांडल्यासारखा बोलतो, डोमकावळा तंबी दिल्यासारखा.

हा पक्षी झाडी, डोंगर आणि गावाबाहेरचा भाग पसंत करतो. माथेरान किंवा महाबळेश्वरला गेल्यास त्याचाच आवाज प्रामुख्याने कानावर येतो आणि गावकावळा पाठ झालेल्या माणसाला तिथे पहिल्याच सकाळी काहीतरी बदलल्याची जाणीव होते. जंगलात मेलेल्या जनावराभोवती तो लवकर जमतो, त्यामुळे एकाच जागेवरून चाललेला डोमकावळ्यांचा गलका ऐकून रानातली माणसे वाघ-बिबट्याच्या शिकारीचा माग काढतात. त्याच्याकडे नेहमीच्या हाकेव्यतिरिक्त इतरही आवाज आहेत आणि त्यांतला एक तर लाकडावर भराभर टोचे मारल्यासारखा असतो. तो ऐकून सुतारपक्षी शोधत बसण्याची पाळी माझ्यावर दोनदा आली आहे.

या कावळ्याचा आपल्या भागाशी जुना कागदोपत्री संबंध आहे. कर्नल विल्यम साइक्स यांनी दख्खनमधल्या पक्ष्यांची जी सूची १८३२ मध्ये प्रसिद्ध केली, तिच्यात त्यांनी आपल्याकडच्या डोमकावळ्याला 'कॉर्व्हस कल्मिनेटस' असे शास्त्रीय नाव दिले. पुढे बराच काळ हा पक्षी पूर्व आशियातल्या मोठ्या चोचीच्या कावळ्याची एक उपजात मानला गेला. अलीकडे त्याला पुन्हा स्वतंत्र जात मानण्याकडे कल आहे, आणि त्यामागच्या कारणांपैकी एक कारण हाकांमधला फरक हे आहे. कानाने केलेली नोंद शास्त्राच्या दरबारात चालत नाही असे समजणाऱ्यांनी हे लक्षात ठेवावे.

आता इथली फसगत. आवाज दूरवरून येतो तेव्हा त्यातला वरच्या पट्टीचा, खरखरीत भाग वाटेतच विरून जातो आणि खालचा भाग तेवढा पोहोचतो. त्यामुळे पाचशे मीटरवरचा गावकावळा मऊ आणि खालच्या पट्टीतला वाटतो, आणि नवखा माणूस आनंदाने वहीत डोमकावळा लिहून मोकळा होतो. इमारतींमधून घुमून आलेल्या आवाजाचीही हीच गत होते. म्हणून पहिल्या वर्षी पक्षी दिसल्याशिवाय दूरच्या हाकेला नाव देऊ नये. नुसते 'कावळा, दूर' असे लिहावे. दोघांना एकत्र ऐकण्याची उत्तम संधी शहराच्या कडेला राहणाऱ्यांना भाद्रपदात मिळते, कारण पितृपक्षात गच्चीवर ठेवलेल्या पानापाशी दोन्ही जातींचे कावळे येतात. घरातली मंडळी काकस्पर्श होण्याची वाट पाहत असतात तेवढ्या वेळात डोळे मिटून 'काँऽ' कोणाचा आणि 'क्राऽ' कोणाचा हे बिनचूक सांगता आले, तर पुढच्या पायरीला हरकत नाही.

टकाचोर: कुळ कावळ्याचे, गळा वेगळा

टकाचोराचा आवाज प्रथम ऐकणाऱ्याला तो कावळ्याचा नातेवाईक आहे हे पटत नाही. त्याची प्रसिद्ध हाक तीन तुकड्यांची, लवचीक आणि धातूवर आघात केल्यासारखी खणखणीत असते. मला ती 'को-कि-लाऽ' अशी ऐकू येते, पण शेजारच्या मुलाने त्याच क्षणी वहीत 'बो-बो-लिंक' लिहिले होते आणि तेही चूक म्हणता येणार नाही. हीच हाक ऐकून थोडा वेळ थांबावे. बहुतेक वेळा तोच पक्षी पुढच्या पाच-दहा मिनिटांत 'के-के-के-के' असा रखरखीत, कर्कश आवाज काढतो, आणि मग त्याचे कुळ लपत नाही. गोड आणि कर्कश असे दोन टोकांचे आवाज एकाच पानांच्या गर्दीतून येत असतील आणि मध्ये कोणी उडून गेलेले दिसले नसेल, तर तिथे टकाचोर असण्याचा संभव सर्वांत मोठा. वड, पिंपळ आणि जुन्या आमराया ही त्याची हमखास ठिकाणे आहेत.

मार्चपासून: कोकीळ, पावशा आणि भारद्वाज

फेब्रुवारीच्या अखेरीस कोकिळाचा गळा मोकळा होऊ लागतो. आपण 'कोकिळा गाते' असे म्हणतो, परंतु 'कुऽहूऽ' करणारा काळ्या अंगाचा, लाल डोळ्यांचा पक्षी हा नर असतो. प्रत्येक 'कुहू' आधीच्यापेक्षा थोडी वर चढत जाते, सात-आठ वेळा चढून एकदम थांबते आणि मग पुन्हा खालून सुरुवात होते. मादी तपकिरी, अंगभर पांढरट ठिपक्यांची असते आणि ती 'किक्-किक्-किक्-किक्' असा तीक्ष्ण, घाईचा आवाज काढते. हा आवाज ऐकून कोणाला कोकीळ आठवत नाही, म्हणून तो मुद्दाम शिकावा लागतो. येथे एक गंमत सांगण्याजोगी आहे. पक्ष्यांचा आवाज श्वासनलिका दुभंगते तिथल्या शब्दिनी नावाच्या अवयवातून निघतो, आणि या अवयवाच्या रचनेवरून पक्ष्यांचे जे वर्गीकरण होते त्यात कावळा गायक पक्ष्यांत मोडतो, कोकीळ मोडत नाही.

कोकिळाशी गल्लत होते ती कावळ्याची नसून पावशाची. दोघांचेही आवाज पायरीपायरीने चढतात, दोघेही अंधार असताना ओरडतात आणि दोघेही सहसा दिसत नाहीत. उपाय अक्षरे मोजण्याचा. 'कु-हू' ही दोन अक्षरे आहेत. 'पेर्-ते-व्हा' ही तीन आहेत. शेतकऱ्यांच्या कानाने ही तीन अक्षरे फार पूर्वी बरोबर मोजून ठेवली आहेत, आणि मृगाच्या आधी ऐकू येणाऱ्या या हाकेला दिलेले शब्द कोणत्याही पुस्तकी वर्णनापेक्षा नेमके आहेत.

भारद्वाज आकाराने डोमकावळ्याएवढा असतो. काळे अंग, विटकरी पंख, लाल डोळे. त्याचा आवाज मात्र कावळ्याच्या कितीतरी खालचा, पोकळ आणि घुमणारा असतो: 'ऊप्-ऊप्-ऊप्-ऊप्'. तो नेमका कोठून येतो हे सांगणे कठीण जाते. कोकणातल्या घरी मागच्या कुंपणातून हा आवाज आला की शहरातून आलेले पाहुणे वानर आले असे समजून आगरात पाहू लागतात, आणि पक्षी त्यांच्यापासून दहा पावलांवर करवंदीच्या जाळीत बसलेला असतो. कोकणात त्याला कुकुडकोंबा म्हणतात, आणि ते नाव मोठ्याने उच्चारून पाहिले तर ते आवाजावरूनच पडले असावे असे वाटते. कित्येकदा एकाचे घुमणे चालू असतानाच दुसरा त्यात आपला आवाज मिसळतो. नर आणि मादी मिळून ही जुगलबंदी करतात आणि तीत खालच्या पट्टीतला आवाज मादीचा असतो. दोन पट्ट्या वेगळ्या ऐकू येऊ लागल्या की कान तयार होत आहे असे समजावे. कुंभारकावळा या नावामुळे ज्यांनी त्याला कावळ्यांत धरले असेल त्यांनी त्याची एक हाक ऐकली तरी हा घोळ मिटतो.

नकला करणारे आणि कावळ्यासारखे ओरडणारे

कोतवाल काळा, कावळ्यापेक्षा बराच लहान आणि दुभंगलेल्या शेपटीचा असतो. तो पहाटे, उजाडण्यापूर्वीच बोलू लागतो आणि त्याच्या आवाजात 'टी-टीऊ' अशी चढी, तिखट वळणे असतात. अडचण अशी की त्याच्या काही हाका हुबेहूब शिक्र्यासारख्या असतात. एकदा मी आवाज ओळखणाऱ्या एका मोबाइल ॲपवर विसंबून सलग चार दिवस वहीत शिक्रा लिहीत गेलो. पाचव्या दिवशी विजेच्या तारेवर बसून ती हाक देणारा कोतवाल समोर दिसला. सह्याद्रीतल्या दाट झाडीत राहणारा भृंगराज, ज्याच्या शेपटीच्या दोन लांब तारांना टोकाशी पिसांचे झुबके असतात, तो तर अनेक पक्ष्यांच्या नकला एकापाठोपाठ एक करतो. जंगलात एकाच फांदीवरून अर्ध्या मिनिटात चार जातींचे आवाज आले तर चार पक्षी न शोधता एकच शोधावा.

हिवाळ्यात उघड्या माळावर विजेच्या तारांवर बसणारा नीलपंख उडताना 'खक्, खक्' असा कर्कश आवाज करतो, जो पाठमोऱ्या माणसाला कावळ्याचा वाटू शकतो. वळून पाहिले की निळे पंख सगळे सांगून टाकतात. रात्रीचे तसे नाही. नदी, तलाव किंवा खाडीजवळ राहणाऱ्यांना दिवेलागणीनंतर डोक्यावरून जाणारा एकटा 'क्वॉक्' ऐकू येतो, आणि अंधारात कावळा का उडतो आहे असा प्रश्न पडतो. ती रातढोकरी, म्हणजे रात्री मासेमारीला निघालेला बगळा. हा भास फक्त आपल्यालाच होतो असे नाही: या पक्ष्याच्या शास्त्रीय नावातल्या 'निक्टिकोरॅक्स' या ग्रीक शब्दाचा अर्थच रात्रीचा डोमकावळा असा आहे. गावकावळा रात्री ओरडला तर तो बहुधा बसल्या जागेवरून ओरडतो आणि एकाला जाग आली की इतरही साथ देतात. रातढोकरीची हाक एकटी असते, उडत असते आणि दहा-पंधरा सेकंदांनी पुढे सरकून पुन्हा येते.

फोनने ध्वनिमुद्रण

यासाठी वेगळे यंत्र विकत घेण्याची घाई करू नये. साधा फोन पुरतो, मात्र तो विमान स्थितीत टाकावा, माइकची बाजू पक्ष्याकडे करावी, हात भिंतीला किंवा कठड्याला टेकवावा आणि निदान अर्धा मिनिट काहीही न बोलता मुद्रण चालू ठेवावे. शेवटी तारीख, वेळ, जागा आणि पक्षी दिसला की नाही हे स्वतःच्या आवाजात बोलून ठेवावे, कारण महिन्याभराने फायलीच्या नावावरून काहीही आठवत नाही. ताडून पाहण्यासाठी २००५ साली नेदरलँड्समध्ये सुरू झालेले झेनो-कँटो हे संकेतस्थळ उपयोगी आहे. तिथे जगभरच्या ध्वनिमुद्रकांनी दिलेले आवाज विनामूल्य ऐकता येतात. गावकावळ्याची दहा मुद्रणे लागोपाठ ऐकली की एकाच जातीत किती फरक असू शकतो याची कल्पना येते, आणि ही कल्पना असणे खूणगाठींइतकेच महत्त्वाचे आहे. ॲपने सुचवलेले नाव पेन्सिलने लिहावे आणि पक्षी दिसल्यावर शाईने गिरवावे.

मुद्रित आवाज पक्ष्यांना ऐकवून त्यांना जवळ बोलावण्याचा मोह मात्र कटाक्षाने टाळावा. विणीच्या काळात असा परका आवाज ऐकून पक्षी घरटे सोडून भांडायला येतो, आणि तेवढ्यात अंडी-पिल्ले उघडी पडतात.

जूनमधली परीक्षा

एप्रिलपासून गावकावळ्यांची घरटी बांधणे सुरू होते आणि त्यांच्याभोवती कोकिळांचा वावर वाढतो. नर कोकीळ घरट्याजवळ येऊन ओरडतो, कावळे चिडून त्याचा पाठलाग करतात आणि तेवढ्यात मादी घरट्यात आपले अंडे घालते, असे निरीक्षकांनी नोंदवले आहे. ऐकणाऱ्याला यातला पहिला भाग स्पष्ट कळतो: चढती 'कुहू' मध्येच तुटते, पाठोपाठ 'का-का-का' अशी विराम नसलेली झड येते आणि दोन्ही आवाज एकाच दिशेने दूर जातात. त्या क्षणी घरट्याच्या बाजूने 'किक्-किक्' आला तर वेळ जरूर लिहून ठेवावी.

मग मे-जूनमध्ये पिल्ले घरट्याबाहेर पडतात. कावळ्याचे पिल्लू फांदीवर बसून, पंख थरथरवत, तोंड वासून 'आँऽ आँऽ' असा नाकातला, पातळ आवाज काढते आणि घास तोंडात पडल्याबरोबर तो आवाज गुळणी केल्यासारखा बुडबुडतो. गेल्या जूनमध्ये माझ्या समोरच्या गुलमोहरात असाच आवाज तीन दिवस चालू होता, गावकावळ्यांची जोडी घास घेऊन ये-जा करत होती आणि मी वहीत निःशंकपणे 'कावळ्याचे पिल्लू' लिहिले होते. चौथ्या दिवशी पावसाची सर थांबल्यावर ते पिल्लू ओले अंग सुकवायला उघड्या फांदीवर आले. मान राखाडी नव्हती, शेपटी कावळ्यासाठी फारच लांब होती आणि काळ्या अंगावर फिकट ठिपके होते. कोकिळाची पिल्ले सुरुवातीला कावळ्यासारखीच ओरडतात. आठवडाभराने ते एकटेच त्या फांदीवर बसले होते. कावळ्याची मादी घास घेऊन आली, त्याने तोंड वासले, आणि आवाज आला तो अजूनही 'आँऽ' असाच. मी वहीतल्या आधीच्या तीन नोंदी खोडल्या नाहीत. त्यांच्यापुढे तारीख घालून 'कोकीळ' एवढेच लिहिले.